डॉ. लोणचे आणि श्री. गर्विष्ठे

गेल्या महिन्यातली गोष्ट. शुक्रवारी रात्री दीडपर्यंत रिलीज चालू होतं, त्यामुळे शनिवारी उठलो तेव्हा अकरा वाजून गेले होते. बाहेर धो धो पाऊस. आई-बाबा नाशिकहून आलेले. बाबा बातम्यांमधला तोच तोच आरडाओरडा ऐकून वैतागले होते. म्हणाले, "बंद कर रे ते. तुझ्या लॅपटॉपवर काहीतरी जुनं लाव. जाड्या-रड्याचं वगैरे."

आता जाड्या-रड्या शोधायला गेलं की यूट्यूब काय काय पुढ्यात आणून टाकतं. त्यात एक नाव दिसलं, 'डॉ. पिकल अँड मिस्टर प्राइड', साल १९२५. लांबी वीस-एकवीस मिनिटं. म्हटलं, चहा होईपर्यंत संपेल. लावली. पाच मिनिटं झाल्यावर बाबांनी विचारलं, "हा रड्या एकटाच? जाड्या कुठंय?"

जाड्या नव्हताच. लॉरेल आणि हार्डी ही जोडी म्हणून जमली ती १९२७ मध्ये. त्याआधी दहा वर्षं स्टॅन लॉरेल एकटाच धडपडत होता आणि त्या धडपडीत त्याचा एक हातखंडा प्रयोग होता: गाजलेला गंभीर सिनेमा घ्यायचा, नाव थोडं वाकडं करायचं आणि दोन रिळांत त्याची वाट लावायची. पिकल म्हणजे लोणचं, प्राइड म्हणजे गर्व. मराठीत करायचं झालं तर 'डॉ. लोणचे आणि श्री. गर्विष्ठे'. मूळ अर्थातच 'डॉ. जेकिल आणि मि. हाइड'.

सिनेमात हा डॉक्टर प्रयोगशाळेत नाना रसायनं मिसळून एक औषध बनवतो. औषधाचं नाव 'अठ्ठावन्नावा प्रकार'. हा विनोद मला गुगल केल्याशिवाय कळला नाही. लोणची-सॉस विकणारी हाइन्झ कंपनी तेव्हा '५७ प्रकार' अशी जाहिरात करायची, म्हणून लोणचे डॉक्टरांचा अठ्ठावन्नावा. असो. औषध पोटात गेल्यावर रड्या आळोखेपिळोखे देतो, टेबलाखाली जातो आणि वर येतो तो केस पिंजारलेला, पाठीत वाकलेला, डोळे तारवटलेला राक्षस होऊन. मग हा राक्षस रात्रीच्या लंडनमध्ये बाहेर पडतो. आता रक्ताचे पाट वाहणार असं वाटतं. तर हा काय करतो? एका लहान पोराचं आइस्क्रीम पळवतो. एका बाईच्या मागे जाऊन कागदी पिशवी फट्‌कन फोडतो. नळीतून वाटाणे मारतो. बोटं अडकवायची ती विणलेली नळी असते ना जत्रेत मिळणारी, ती एकाच्या बोटांत अडकवून पळून जातो. आणि सगळं शहर भयाने थरथर कापतं, जमाव काठ्या घेऊन मागे लागतो!

बाबा पिशवीच्या प्रसंगाला जे हसत सुटले ते थांबेचनात. आई बाहेर येऊन बघून गेली.

मीही हसलो. पण संध्याकाळी डोक्यात किडा वळवळायला लागला. मी स्टीव्हन्सनचं पुस्तक वाचलेलं नाही. ज्या सिनेमाची टिंगल चालली आहे तो पाहिलेला नाही. मग मला विनोद कळला कसा? आणि १९२५ साली थिएटरात बसलेली माणसं नक्की कशाला हसत होती? पुढचे दोन वीकेंड मी यात घातले. (होय, मला वेगळं आयुष्य नाही.)

आधी पुस्तक वाचलं. जेमतेम शंभर पानांचं आहे, लोकलमध्ये दोन दिवसांत संपतं. आणि पहिला धक्का असा की ही मुळात रहस्यकथा आहे! १८८६ च्या जानेवारीत ती बाहेर आली तेव्हा वाचकाला ठाऊकच नव्हतं की जेकिल आणि हाइड एकच आहेत. कथा पुढे जाते ती अटरसन नावाच्या एका रुक्ष वकिलाबरोबर. त्याला प्रश्न पडलाय की आपला सज्जन मित्र जेकिल या हलकट हाइडच्या नावावर मृत्युपत्र का करून ठेवतोय. ब्लॅकमेल? अनौरस मुलगा? उत्तर मिळतं ते अगदी शेवटच्या दोन प्रकरणांत. म्हणजे पुस्तकाचा सगळा डोलारा ज्या एका गुपितावर उभा आहे ते गुपित आज पुस्तक न वाचलेल्या माणसालाही माहीत असतं. आमच्या ऑफिसात एका मॅनेजरला लोक 'जेकिल-हाइड' म्हणतात. म्हणणाऱ्यांपैकी एकानेही हे पुस्तक वाचलेलं नाही, हे मी छातीठोकपणे सांगतो.

हे गुपित फोडलं कुणी? रड्याने नाही. तो फार उशिरा आला. फोडलं ते नाटकवाल्यांनी, तेही लगेचच. १८८७ मध्ये बोस्टनला रिचर्ड मॅन्सफिल्ड नावाच्या नटाने जेकिल-हाइड रंगमंचावर आणलं. प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत, नुसत्या चेहऱ्याच्या आणि दिव्यांच्या खेळावर, तो जेकिलचा हाइड व्हायचा. पुढच्या वर्षी तो हे नाटक घेऊन लंडनला गेला आणि नेमके त्याच ऑगस्टअखेर जॅक द रिपरचे खून सुरू झाले. एका प्रेक्षकाने तर पोलिसांना पत्र लिहून मॅन्सफिल्डवरच संशय घेतला. इतकं ते रूपांतर लोकांच्या अंगावर आलं होतं. आता विचार करा, ज्या नाटकाचा मुख्य आकर्षणबिंदू म्हणजे रूपांतराचा प्रवेश, तिथे रहस्य कसलं राहणार? शिवाय पुस्तकात जेकिलला ना प्रेयसी ना वाग्दत्त वधू. नाटकाने ती आणली. नाटक म्हटलं की नायिका हवीच.

यात कायद्याचाही एक धागा आहे. अमेरिकेत १८९१ पर्यंत परदेशी लेखकांना कॉपीराइटचं संरक्षणच नव्हतं. इंग्लंडात छापलेलं पुस्तक तिथे कुणीही उचलावं, छापावं, त्याचं नाटक करावं. आपल्या भाषेत सांगायचं तर व्हिक्टोरियन साहित्य हा अमेरिकेत ओपन सोर्स माल होता, फक्त लेखकाला न विचारता. मग फोर्कचा फोर्क, त्याचा फोर्क असं सुरू झालं. मूळ रिपॉझिटरीत काय होतं हे बघायला परत कोण जातंय?

१९२० साली या कोडबेसचा कळस झाला. त्या एका वर्षात जेकिल-हाइडवर अमेरिकेत दोन गंभीर सिनेमे निघाले, जर्मनीत मुर्नाऊने नावं बदलून 'डेअर यानुसकोप्फ' काढला (तो हरवला, आज त्याची एकही प्रत नाही), आणि हॅंक मान या विनोदी नटाचीही एक आवृत्ती आली. यांतला सगळ्यात गाजला तो जॉन बॅरीमोरचा. तो मी दुसऱ्या शनिवारी पाहिला.

बॅरीमोर म्हणजे त्या काळातला रंगभूमीचा राजा. देखणा, आणि आपण देखणे आहोत हे पुरेपूर माहीत असलेला. पहिलं रूपांतर तो जवळजवळ रंगभूषेशिवाय करतो, नुसता चेहरा पिळवटून, आणि खरं सांगतो, शंभर वर्षांनंतरही काटा येतो. नंतर मात्र शेंड्याला निमुळतं होत गेलेलं डोकं, कोळ्याच्या पायांसारखी लांब बोटं असा सगळा सरंजाम. नायिका आहेच. तिचा बाप जेकिलला मोहात ढकलतो आणि त्याची ती सगळी भाषा, गंमत बघा, स्टीव्हन्सनची नसून ऑस्कर वाइल्डच्या 'डोरियन ग्रे'मधल्या लॉर्ड हेन्रीच्या वळणाची आहे. म्हणजे १९२५ च्या प्रेक्षकाच्या डोक्यात जो जेकिल होता तो थोडा स्टीव्हन्सनचा, बराचसा नाटकाचा, चवीपुरता वाइल्डचा आणि वरून बॅरीमोरचा. लॉरेलने नक्कल केली ती या शेवटच्या थराची. तो पिंजारलेला विग, ती वाकलेली पाठ, ते कॅमेऱ्याकडे रोखून बघणं, सगळं बॅरीमोरचं. पुस्तकाची टिंगल करायला पुस्तक कुणाला आठवत होतं?

आणि बॅरीमोरच्या त्या भयंकर गंभीर सिनेमात एक क्षण असा आहे की तिथे विडंबनाची गरजच उरत नाही. हाइडचा पुन्हा जेकिल होत असताना बॅरीमोर इतके आचके देतो की त्याच्या हाताला चिकटवलेलं एक खोटं लांब बोट सुटून हवेत उडतं. कुणी कापलं नाही, पुन्हा शूटिंग केलं नाही. प्रॉडक्शनमध्ये गेलेला बग, शंभर वर्षं तसाच. मी तीनदा मागे नेऊन पाहिला.

पण मला खरी मजा वाटली ती गुन्ह्यांची. स्टीव्हन्सनने हाइडची पापं मुद्दाम सांगितलेली नाहीत. अख्ख्या पुस्तकात त्याची दोनच कृत्यं डोळ्यांसमोर येतात. एका म्हाताऱ्या खासदाराचा तो काठीने खून करतो, आणि त्याच्याही आधी, अगदी सुरुवातीला, रात्री रस्त्यात समोर आलेल्या एका लहान मुलीला तुडवून पुढे चालू लागतो. बाकी सगळं धुक्यात. वाचकाने आपापल्या मनातलं भरावं. बॅरीमोरच्या सिनेमाने तिथे नाचणारी बाई आणि अफूचा अड्डा भरला, म्हणजे १९२० सालच्या सभ्य माणसाला जे चोरून हवंसं वाटेल ते. लॉरेलने काय भरलं? आइस्क्रीम, पिशवी, वाटाणे. रस्त्यातलं लहान मूल तिथेही आहेच, फक्त तुडवायच्या ऐवजी त्याचं आइस्क्रीम जातं. प्रतिष्ठित, टापटीप, सगळ्यांशी गोड बोलणारा डॉक्टर. त्याच्या आत कोण दडलंय? आठ वर्षांचं वांड कार्टं. मला तरी हे बॅरीमोरच्या नाचणारीपेक्षा जास्त खरं वाटलं. दोन वर्षांपूर्वी एका कंपनीत (नाव सांगत नाही) आम्हाला अप्रेझलच्या आधी 'आपण सगळे एक कुटुंब आहोत' यावर चाळीस स्लाइड्स दाखवल्या होत्या. मी शेवटच्या रांगेत समोशांची रिकामी कागदी पिशवी हातात धरून बसलो होतो. ती मी फोडली नाही. अजून वाईट वाटतं.

लॉरेलला हे सुचलं त्यालाही कारण आहे. हा माणूस व्हिक्टोरियन रंगभूमीच्या पडद्यामागेच वाढलेला. जन्म १८९० चा, इंग्लंडमधल्या अल्व्हरस्टनचा. वडील थिएटरं चालवायचे आणि स्वतः मेलोड्रामे लिहायचे. खलनायक, अनाथ मुली, मृत्युपत्रं, वेषांतरं हे सगळं त्याने विंगेतून पाहिलेलं. चॅप्लिनचंही तेच. सिनेमात जाण्याच्या कितीतरी आधी, कोवळ्या वयात, तो शेरलॉक होम्सच्या नाटकात बिली नावाच्या पोऱ्याचं काम करायचा. १९१० मध्ये दोघे फ्रेड कार्नोच्या मंडळीबरोबर एकाच जहाजाने अमेरिकेला गेले. म्हणजे हॉलिवूडमध्ये व्हिक्टोरियन साहित्याची जी रेवडी उडवली गेली ती उडवणारे काही परके नव्हते. घरचीच पोरं होती, त्यामुळे कुठे टाचणी लावली की फुगा फुटतो हे त्यांना बरोब्बर ठाऊक.

लॉरेलचे आणखी दोन सांगतो आणि पुढे जातो. 'अंडर टू जॅग्ज' (१९२३) हे विडा या बाईंच्या १८६७ च्या 'अंडर टू फ्लॅग्ज' कादंबरीवरून आलेल्या सिनेमाचं विडंबन. 'रूपर्ट ऑफ ही-हॉ' (१९२४) हे अँथनी होपच्या 'रूपर्ट ऑफ हेंत्झाउ'चं. हमशकल राजा, खोटा राजा, राजकन्या वगैरे. आपल्या हिंदी सिनेमाने तो मसाला नंतर इतका घोटलाय की रड्याचं विडंबन बघताना वेगळी टिंगल करायची काय, असंच वाटतं. मला फारसा नाही आवडला.

होम्सचं प्रकरण मात्र याहून रंगीत आहे. होम्सची थट्टा त्याच्या जन्माबरोबरच सुरू झाली म्हणा ना. 'स्ट्रँड' मासिकात त्याच्या लघुकथा येऊ लागल्या १८९१ च्या जुलैमध्ये, आणि मे १८९२ मध्ये रॉबर्ट बारने 'शेरलॉ कोम्ब्स' नावाचं विडंबन छापूनही टाकलं. पडद्यावर तर उलटंच झालं. होम्सचा पहिला ज्ञात चित्रपट म्हणजे १९०० सालचा 'शेरलॉक होम्स बॅफल्ड', लांबी सुमारे अर्धा मिनिट. त्यात एक चोर ट्रिक फोटोग्राफीने गायब होतो, पुन्हा प्रकटतो, पुन्हा गायब होतो आणि शेवटी होम्सच्या हातावर तुरी देऊन माल घेऊन जातो. म्हणजे महान गुप्तहेर पडद्यावर आला तोच मामा बनून!

हे अर्धं मिनिट आपल्यापर्यंत पोचलं ते एका कायदेशीर अडचणीमुळे. तेव्हा अमेरिकेत सिनेमाचा स्वतंत्र कॉपीराइट नसायचा, छायाचित्राचा असायचा. म्हणून कंपन्या अख्खी फिल्म कागदाच्या गुंडाळीवर फ्रेम बाय फ्रेम छापून लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये जमा करायच्या. फिल्मा जळाल्या, सडल्या. कागद राहिले.

यावरून मी ज्या गोष्टीपाशी येऊन थबकलो ती सांगतो. विल्यम जिलेट हा अमेरिकन नट म्हणजे त्या पिढीचा होम्स. १८९९ मध्ये त्याने स्वतः नाटक लिहून काढलं आणि पुढे तेराशेच्या आसपास प्रयोग केले. लोकांच्या डोळ्यांसमोर होम्स म्हणजे जिलेटच. मे १९१६ मध्ये त्याने ते नाटक सिनेमात उतरवलं. त्याचा तो एकमेव होम्सपट. पुढच्याच महिन्यात, जून १९१६ मध्ये, डग्लस फेअरबँक्सचा 'द मिस्टरी ऑफ द लीपिंग फिश' आला. यात होम्सच्या जागी 'कोक एनीडे' नावाचा शास्त्रीय गुप्तहेर. अंगावर चौकड्याचे कपडे, गाडीही चौकड्याची. पट्ट्याला काडतुसांऐवजी इंजेक्शनच्या सुया. टेबलावर 'कोकेन' असं ठळक लिहिलेला डबा. भिंतीवरच्या घड्याळात आकडे नाहीतच, चारच कप्पे: खाणं, झोप, दारू आणि नशा.

'द साइन ऑफ फोर' १८९० चं. त्याच्या पहिल्याच पानावर होम्स सात टक्क्यांच्या कोकेनचं इंजेक्शन घेतो, आणि तेव्हा इंग्लंडात त्यात बेकायदा काही नव्हतं. १९१४ मध्ये अमेरिकेत अंमली पदार्थांवर कायदा आला. दोनच वर्षांत तीच सवय उघड्यावर घेऊन बसणारा हा सिनेमा. गंभीर होम्स सभ्य होत चालला होता, ती सुई हळूच खणात ठेवून द्यायची वेळ आली होती. विडंबनवाल्याने खण उघडून सगळ्यांसमोर उपडा केला. यातली पाट्यांवरची वाक्यं अनिता लूसची, कथा टॉड ब्राउनिंगची, तोच पुढे 'ड्रॅक्युला' करणारा. फेअरबँक्सला म्हणे स्वतःला हा सिनेमा अजिबात आवडायचा नाही. बघताना कळतं का ते. अर्धा वेळ हसतो आपण, अर्धा वेळ 'अरे काय हे' म्हणतो.

तर मुद्दा असा. एका महिन्याच्या अंतराने आलेले दोन सिनेमे. त्यातला जिलेटचा हरवला. पूर्ण हरवला. जवळपास शंभर वर्षं जगाने खऱ्या होम्सचे नुसते फोटो पाहिले, आणि सुयांचा पट्टा लावलेला हा खोटा होम्स मात्र बिनधास्त फिरत राहिला. २०१४ साली पॅरिसच्या सिनेमातेक फ्रान्सेझमध्ये जिलेटच्या सिनेमाची निगेटिव्ह सापडली, फ्रेंच पाट्यांसकट, चार भागांची मालिका करून लावण्यासाठी बनवलेली. बॅरीमोरनेही १९२२ मध्ये होम्स केला होता. तोही हरवलेला होता. १९७० च्या दशकात तुकड्यातुकड्यांचा ढिगारा सापडला तो जोडत बसावा लागला. लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये एक अहवाल काढला, त्यातला आकडा डोक्यातून जात नाही: अमेरिकेत बनलेल्या जवळपास अकरा हजार पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी मूळ ३५ मिमी स्वरूपात उरलेत फक्त १४ टक्के. छोट्या विनोदी फिल्मांचं नशीब त्या मानाने बरं, कारण घरच्या प्रोजेक्टरसाठी त्यांच्या लहान प्रती काढून विकल्या जायच्या. कुणाच्या ना कुणाच्या माळ्यावर डबा राहायचाच. बॅकअपचं धोरण वगैरे काही नाही. पोरांना हसवायला आणलेली रिळं, बस.

आपल्याकडे विडंबन म्हटलं की केशवकुमारांची 'झेंडूची फुले'. ती मी शाळेत असताना वाचून लोळलो होतो. ज्या कवींची त्यात फिरकी घेतली आहे त्यांच्या किती कविता मी वाचल्यात? प्रामाणिकपणे... दोन. त्याही सक्तीने, पाठ्यपुस्तकात. बाकीच्या कवितांचं माझ्या डोक्यातलं चित्र अत्र्यांनी काढलेलं आहे. ते कवी कदाचित मुळात फार चांगले असतील.

बस्टर कीटनचा 'शेरलॉक ज्युनिअर' (१९२४) तुम्ही पाहिला असेल, नसेल तर हे वाचणं सोडून आधी तो बघा. थिएटरातला प्रोजेक्टर चालवणारा साधा पोरगा 'गुप्तहेर कसे व्हावे' हे पुस्तक घेऊन बसतो, डुलकी लागते आणि स्वप्नात चालत चालत सरळ पडद्यात शिरतो. होम्सचं त्यात नावापुरतंच उरलंय. पण स्वप्नातल्या या महान गुप्तहेराच्या मदतनीसाचं नाव आहे जिलेट. पाटीवर त्याची ओळख करून देताना त्या काळच्या तीन रेझर कंपन्यांची नावं एका वाक्यात गुंफली आहेत, त्यामुळे आपल्याला वाटतं की हा दाढीच्या पात्यावरचा विनोद. आहेच. पण १९२४ मध्ये हसणाऱ्या प्रेक्षकाला दुसराही जिलेट आठवत होता, जो नंतर नव्वद वर्षं कुणाला बघायलाच मिळाला नाही. मी हा सिनेमा कॉलेजात असल्यापासून चार वेळा पाहिलाय. पाचव्यांदा, या रविवारी, त्या पाटीपाशी पॉज केलं.

मग जिलेटचा सापडलेला सिनेमा लावला. बाबांना आधीच बजावलं, हा गंभीर आहे, यात कुणी पिशवी फोडत नाही. जिलेट तेव्हा साठीला पोचलेला, पण काय थाट आहे! घाई नाही, हातवारे नाहीत, मोरियार्टीसमोर नुसता शांत उभा राहतो. बाकीचे सगळे नट मूकपटासारखा अभिनय करत असताना हा एकटाच जणू बोलपटात आहे. याची टिंगल करताना त्या लोकांना हे सगळं माहीत होतं, समोर दिसत होतं. मला ते उलट्या क्रमाने मिळालं.

बाबा विसाव्या मिनिटाला झोपले. मी आवाज न करता शेवटपर्यंत पाहिला (आवाज नव्हताच म्हणा). संपल्यावर ते जागे झाले, स्क्रीनकडे पाहिलं आणि म्हणाले, "झालं का तुझं? आता जाड्याचं लाव काहीतरी."